चाखोबांचा पहिला घास

"एकदा तुझ्या वडिलांबरोबर चालून बघ गं," पाववाल्या मावशी फोनवर म्हणाल्या, तेव्हा तिनं फोन कान आणि खांद्याच्या मध्ये दाबून धरला होता. एका हातात चमचा होता आणि दुसऱ्या हातात गोटूची हनुवटी. दीड वर्षाच्या पोराला भरवताना जगबुडी झाली तरी आईला कळत नाही, तिथे फोनवरच्या बोलण्याची काय कथा.

"का हो मावशी? गुडघे दुखतायत का त्यांचे?"

"गुडघे माझे दुखतायत. त्यांचे पाय धडधाकट आहेत. मी खाण्याचं म्हणतेय."

"बाबांच्या खाण्याची काळजी? माशाला पोहायला येतं का बघ, असं झालं हे."

"हसण्यावारी नेऊ नकोस. परवा माझा पाव खालून करपला. त्यांनी नेहमीसारखा तोडला, खाल्ला आणि पाहुण्यांना म्हणाले, बघा, ताज्या पावाचा कसा गोड वास सुटलाय. इकडे गल्लीभर करपट वास."

"तुमची लाज राखली असेल."

"माझी?" मावशी म्हणाल्या. "जन्मात कधी राखलीय त्यांनी?"

"वय झालं हो आता," असं म्हणून तिनं फोन ठेवला, कारण गोटूनं तेवढ्यात भाताचा घास भिंतीवर नेऊन चिकटवला होता. भिंत पुसता पुसता बोलणंही पुसलं गेलं.

मावशींचं म्हणणं खोटं नव्हतं. बाबांनी आजवर कुणाचीच लाज राखली नव्हती, आणि त्यांचा सगळा धंदा त्यावरच उभा होता. एका टूरच्या ऑफिसतर्फे ते जुन्या पेठेत परक्या पाहुण्यांना खात खात फिरवायचे. घड्याळाच्या मनोऱ्यापासून सुरुवात, मग पावाची भट्टी, सूपवाला, माशांची गाडी, दूधवाला आणि शेवटी दगडी पायऱ्यांवरचा कॉफीवाला. वाटेत जुन्या भिंती, कमानी, बुजलेली विहीर हे सगळं दाखवायचेच, पण लोक यायचे ते खायला. बाबांचा एक नियम होता. दुकान कुठलंही असो, पहिला घास गाईडचा. पाहुण्यांच्या हातात बशी येण्याआधी बाबा दुकानदारासमोर उभे राहून एक घास खायचे, डोळे मिटून चावायचे आणि जे असेल ते सगळ्यांदेखत सांगायचे. मीठ कमी असलं तर कमी. तेल जुनं असलं तर जुनं. सूपवाल्याचं भांडं त्यांनी एकदा भरल्या गर्दीत परत पाठवलं होतं आणि सूपवाला महिनाभर त्यांच्याकडे बघतही नव्हता. पण त्यामुळेच पाहुणे डोळे झाकून खायचे. पेठेत सगळे त्यांना चाखोबा म्हणत. आधी चिडून म्हणत, पुढे लाडानं म्हणू लागले.

चाखोबांची ही एकुलती एक लेक मात्र स्वभावानं अगदी उलटी. बाबा घास तोंडात टाकून मग विचार करणार, ही विचार करकरून घास थंड करणार. आई गेल्यापासून तर तिला सगळीकडे खड्डेच दिसायचे. त्यात गोटू झाला आणि घरातल्या टेबलांचे कोपरेसुद्धा तिच्या वैऱ्यांच्या यादीत गेले. बाबा तिला फौजदार म्हणायचे.

तिची रजा संपत आली होती. ऑफिस सुरू झालं की गोटूला दिवसभर बाबांकडे ठेवायचं, असं ठरलं होतं. बाबांनीच मागून घेतलं होतं त्याला. सकाळचा फेरफटका ते आठवड्यात मोजकेच दिवस ठेवणार होते, बाकी वेळ नातू. तिनं भट्टीच्या वरच्या त्यांच्या खोल्यांच्या खिडक्यांना जाळ्या बसवून घेतल्या, जिन्याला फाटक लावलं, औषधांचा डबा माळ्यावर टाकला. राहिला होता तो फक्त फेरफटका. क्वचित कधी बाबा गोटूला बरोबर नेतील, तर तो रस्ताही आपण एकदा डोळ्यांखालून घालावा, म्हणून ती एका सकाळी गोटूला घेऊन पाहुण्यांच्या घोळक्यात जाऊन उभी राहिली. मावशींचा फोन तिच्या मनातही नव्हता.

"आलात का फौजदार," बाबा म्हणाले. "मंडळी, आज सांभाळून. तपासणी आहे."

पाहुणे हसले. एक नवं लग्न झालेलं जोडपं होतं, एक निवृत्त मास्तरीणबाई होत्या आणि तीन मैत्रिणी होत्या, ज्या सारख्या फोटो काढत होत्या. बाबांनी गोटूला खांद्यावर घेतलं. मनोऱ्याचं घड्याळ का बंद पडलं याची गोष्ट ते सांगत असताना गोटू त्यांचे केस ओढत होता आणि बाबा गोष्टीतल्या घड्याळजीलाच "अहो, केस सोडा" म्हणत होते. तिला वाटलं, उगाच घाबरतो आपण. या माणसाच्या खांद्यावर पोर सुखात राहील.

पावाच्या भट्टीपाशी पोचायच्या आत मावशींनी आतूनच आवाज दिला. "या चाखोबा. आज बडीशेप जरा जास्त पडलीय हो."

बाबांनी तुकडा मोडला, डोळे मिटले, चावला. "बडीशेप जास्त आहे," ते म्हणाले. "पण आज ती चालेल. सकाळ थंड आहे."

मास्तरीणबाईंनी कौतुकानं मान डोलावली. मावशींनी मात्र बाबांकडे न बघता तिच्याकडे बघितलं. बघितलं आणि भट्टीकडे वळल्या.

सूपवाल्यानं तर भांड्याचं झाकण उघडायच्या आधीच सांगितलं, "कांद्याचं आहे आज. लसूण भाजून घातलाय." माशांच्या गाडीवरचा म्हणाला, "तेल सकाळीच बदललंय, चाखोबा." आणि प्रत्येक ठिकाणी बाबा तेच बोलले, फक्त आपल्या रसाळ भाषेत. लोकांना त्यात काही वावगं वाटलं नाही. तिला वाटलं. तिचे डोळे फौजदाराचेच. ज्या सूपवाल्याची बाबांशी इतकी तेढ, तो आता धड्याची उत्तरं आधीच का सांगतोय? तिला लहानपणीचे बाबा आठवले. घरात कुणी काही सांगू लागलं की कानांवर हात ठेवायचे आणि म्हणायचे, आधी मला खाऊ दे, मग बोल.

आणखी एक तिच्या लक्षात आलं. घास गिळल्यावर बाबा पूर्वी भांड्याकडे बघायचे. आता पाहुण्यांकडे बघत होते. एकेकाच्या तोंडाकडे, अगदी टक लावून. मैत्रिणींपैकी एकीनं सुपाचा घोट घेऊन "अगंबाई" म्हटलं, तेव्हा बाबांनी स्वतःच्या वाटीतून पुन्हा एक घोट घेतला आणि त्यांचा चेहरा उजळला.

विचारू, घरी गेल्यावर विचारू, असं म्हणत ती दूधवाल्यापाशी पोचली. म्हातारा दूधवाला त्या दिवशी भाच्याच्या लग्नाला गेला होता. दुकानात त्याची सून होती, नवी, गोंधळलेली. सासऱ्यांच्या मागे दुकान चकचकीत दिसावं म्हणून तिनं पहाटे फरशी फिनेलनं घासली होती, आणि फिनेल कालवलं होतं ते दुधाच्या किटलीत. नंतर किटली विसळली, पण नीट नाही. हे सगळं पुढे कळलं. त्या वेळी सुनेनं फक्त गरम, साखर घातलेल्या दुधाचा पहिला पेला चाखोबांच्या हातात दिला. आज कुणीच काही सांगितलं नाही. सांगायला म्हातारा नव्हता.

त्याच वेळी गल्लीतून एक सायकल भरधाव येत होती आणि फौजदारांचं लक्ष सायकलीवर होतं.

बाबांनी घोट घेतला. "वा," ते म्हणाले. "साय कशी लागतेय बघा जिभेला." आणि नातवाचं कौतुक म्हणून दुसरा घोट आपल्या पेल्यातूनच गोटूला पाजला.

गोटूचं तोंड वेडंवाकडं झालं. त्यानं दूध बाबांच्या सदऱ्यावर थुंकलं, मग ओकला, मग रडायला लागला. तोवर सुनेनं बाकीचे पेले पुढे केले होते आणि मास्तरीणबाईंनी पेला नाकाजवळ नेऊन तसाच खाली ठेवला होता. "अहो, याला फिनेलचा वास येतोय," त्या हळूच म्हणाल्या. मग सगळ्यांनी वास घेतला. सगळ्यांनी नाकं मुरडली. पण तिनं पाहिलं ते वेगळंच. बाबा स्वतः पुन्हा पेला हुंगत होते. एकदा, दोनदा. मग त्यांनी सगळ्यांची तोंडं बघितली आणि पेला फळीवर ठेवला.

कोपऱ्यावरच डॉक्टरांचा दवाखाना होता. डॉक्टरांनी गोटूला तपासलं. पोटात फारसं काही गेलेलं नाही, घाबरायचं कारण नाही, असं म्हणाले. तिच्या जिवात जीव आला, तेव्हा तिला कळलं की आपण गोटूला इतकं आवळून धरलंय की त्यामुळेच तो आता रडतोय.

बाहेर पाहुणे पायऱ्यांवर बसून होते. कुणी निघून गेलं नव्हतं. बाबा त्यांच्यासमोर उभे राहिले, सदऱ्यावर दुधाचा डाग तसाच.

"मंडळी, मला वास येत नाही," ते म्हणाले. "चवही जवळजवळ नाही. आज सकाळपासून मी तुम्हाला जे सांगितलं ते दुकानदारांनी मला सांगितलेलं होतं. माणसं चांगली आहेत म्हणून निभावलं. पुढचा कॉफीवाला उत्तम आहे, असं म्हणतात. पहिला घोट तुम्हीच घ्या."

कॉफी प्यायला कुणी गेलं नाही. मास्तरीणबाईंनी जाताना गोटूच्या डोक्यावरून हात फिरवला आणि बाबांना म्हणाल्या, "गोष्टी फार छान सांगता हो." त्या बोलण्यानं बाबांची मान आणखीच खाली गेली.

सगळे पांगल्यावर ती त्यांच्या शेजारी पायरीवर बसली.

"कधीपासून?"

"थंडीत ताप आला होता ना, तेव्हापासून. ताप गेला, पण रिकाम्या हातानं गेला नाही."

"डॉक्टर?"

"दाखवलं. आलं तर येईल म्हणाले. न आलं तर नाही येणार. एवढं तर मीही सांगू शकलो असतो, फी न घेता."

"मला का नाही सांगितलंत?"

"तू गोटूला माझ्याकडे ठेवलं नसतंस."

 खरंच ठेवलं नसतं.

"खोटं नव्हतो गं सांगत लोकांना," ते म्हणाले. "म्हणजे, अगदीच खोटं नाही. समोर कुणी मन लावून खात असलं ना, की मला आठवतं. त्याचे गाल हलतात, भुवया वर जातात, आणि माझ्या तोंडात कुठून तरी येतं काहीतरी. मग माझाही घास खाली उतरतो. एकट्यानं खाल्लं तर ते चिखल चावल्यासारखं."

ती ऐकत होती, पण तिच्या डोक्यात एकच विचार होता. गॅस. रात्री शेगडी विझली, गॅस तसाच सुटत राहिला, तर यांना कळणार नाही. आणि तिथे गोटू असला तर?

त्याच दिवशी बाबांनी टूरच्या ऑफिसला फोन करून काम सोडलं. ती शेजारीच बसलेली होती. तिनं अडवलं नाही. खरं सांगायचं तर तिला हायसं वाटलं. नवऱ्याला रात्री म्हणाली, "बरं झालं त्यांनीच ठरवलं. मला सांगावं लागलं नाही." गोटूचं नाव पाळणाघरात घातलं. बाबांच्या स्वयंपाकघरातली गॅसची शेगडी तिनं काढून टाकली, विजेची आणली. धूर ओळखणारं यंत्र छताला बसवलं. फ्रिजमधल्या प्रत्येक डब्यावर चिठ्ठी, कशात काय आहे आणि कधीपर्यंत खायचं. सगळा बंदोबस्त कडेकोट. फौजदार समाधानानं घरी गेली.

पुढच्या खेपेला आली तेव्हा बाबांच्या पँटच्या पट्ट्याला नवं भोक होतं. त्यांनी ते खिळ्यानं पाडलेलं होतं, वाकडं.

"बारीक झालात."

"तब्येतीला चांगलं असतं म्हणतात."

तिनं फ्रिज उघडला. डबे तसेच. चिठ्ठ्या तशाच, तिच्याच अक्षरातल्या. भातावर केसाळ बुरशी आली होती.

"बाबा, हे काय?"

"खातो गं. विसरायला होतं कधीकधी."

"जेवायला कोण विसरतं?"

"ज्याला पोट हाक मारत नाही तो." हे त्यांनी इतक्या साधेपणानं सांगितलं, की ती रागवायचं विसरली.

त्या दुपारी तिनं ताजं सूप केलं, पाव आणला आणि तिघे टेबलाशी बसले. बाबांनी दोन चमचे घेऊन वाटी सरकवली. मग गोटूनं स्वतःच्या वाटीत पाव बुडवला, तोंडात कोंबला, गालावरून सूप ओघळलं आणि त्यानं डोळे मोठे करून "हं" असा आवाज काढला. बाबा त्याच्याकडे बघत राहिले. हात आपोआप वाटीकडे गेला. गोटूचा एक घास, बाबांचा एक घास. वाटी रिकामी झाली. त्यांनी आणखी मागितलं.

ती सूप वाढायच्या निमित्तानं ओट्याकडे तोंड करून उभी राहिली. पायऱ्यांवर बसून त्यांनी हेच तर सांगितलं होतं, अगदी सरळ शब्दांत. आणि ती गॅसचा विचार करत होती. आता घरात गॅस नव्हता, फिनेल नव्हतं, बिनचिठ्ठीचा डबा नव्हता, धोका म्हणून कशाचाच नव्हता. फक्त समोर बसून खाणारं माणूस नव्हतं. आठवड्यात जेवढे फेरफटके होते तेवढीच त्यांची जेवणं होती, आणि ती संपली होती.

त्यानंतर तिनं हातपाय मारले नाहीत असं नाही. बाबांना आपल्या घरी आणलं. पण सकाळी सात वाजता सगळे घर सोडायचे, नवरा एकीकडे, ती एकीकडे, गोटू पाळणाघरात. रात्री सगळे थकून येत आणि उभ्या उभ्या गिळत. बाबांनी दिवस काढले आणि एकदा हसत म्हणाले, "तुमच्याकडे सगळं आहे. जेवायला माणूस नाही. त्यापेक्षा मी माझ्या पायऱ्यांवर बरा. तिथे निदान मावशी आहेत." आणि परत गेले.

मावशी खरंच होत्या. भट्टीवरची पहिली गर्दी ओसरली की त्या पाव आणि कॉफी घेऊन वर यायच्या आणि बाबांसमोर बसून खायच्या. "मी यांच्या तोंडासमोर रवंथ करते गाईसारखी," त्या फोनवर सांगायच्या. "आज दीड पाव गेला. परवा मुद्दाम करपलेला दिला, तर म्हणाले, तुमच्या तोंडावरूनच कळलं." त्या दिवसांत बाबांचा पट्टा एक भोक मागे आला.

मग मावशींचे गुडघे पुरतेच गेले. मुलानं त्यांना आपल्या गावी नेलं आणि भट्टीला कुलूप लागलं. त्याच सुमाराला तिच्या नवऱ्याची बदली झाली, दूर, रात्रभराच्या प्रवासावर. बाबांना तिनं किती विनवलं. ते म्हणाले, "तिथे तर मला पायऱ्याही नाहीत. गल्लीत खाली उतरलं की कुणी ना कुणी काहीतरी खाताना दिसतं. तेवढ्यावर चालतं माझं."

चालत नाही. तिला ठाऊक आहे. ती रोज जेवायच्या वेळी व्हिडिओ लावते. फोन पाण्याच्या भांड्याला टेकवून ठेवते, गोटूला समोर बसवते, स्वतः मोठाले घास घेते, मुद्दाम भुवया वर नेते. बाबा चमचा हातात धरून बघत राहतात. "चित्र फार लहान येतं गं," ते म्हणतात. "गाल दिसत नाहीत." मग चित्र अडकतं, आणि सुटतं तेव्हा ताट बाजूला गेलेलं असतं. "जेवलात?" "हो, भरपूर." खोटं बोलायची त्यांना सवय नाही. ते मान वळवून बोलतात.

सूपवाल्याला तिनं फोन केला होता. तो डबा पाठवतो. डबा भरलेला परत येतो, त्यानंच सांगितलं, ओशाळून, जणू सूपच वाईट असावं. "गिऱ्हाईक सोडून मला वर जाऊन बसता येत नाही हो ताई," म्हणाला. त्याचं बरोबर आहे.

तिला जाता येत नाही. दुसऱ्या बाळाची चाहूल आहे, मधे रक्त गेलं होतं आणि डॉक्टरांनी पलंगावरून उठायलाही मोजूनमापून परवानगी दिलीय. ती पडून असते, छताकडे बघते आणि मनातल्या मनात पायऱ्या चढते.

तेव्हा तुम्ही कधी त्या बाजूला गेलात, तर एवढं करा. बंद पडलेल्या घड्याळाच्या मनोऱ्यामागे भट्टी आहे, कुलूप लावलेली. तिच्या शेजारून जिना वर जातो, जिन्याला लहान मुलांसाठी असतं तसं फाटक आहे, ते उचलून सरकवावं लागतं. दार उघडायला ते वेळ लावतील, जाऊ नका. जेवलात का, असं विचारू नका, हो म्हणतील. मला भूक लागलीय म्हणा. पाहुण्याला उपाशी पाठवायचं त्यांच्या रक्तात नाही, काहीतरी काढतीलच. कसं झालंय ते नीट हुंगून बघा, आणि चांगलं असलं तर त्यांच्यासमोर बसून खा. सावकाश खा. आवडलं तर तोंडावर दिसू द्या. आणि खाताना मान खाली घालू नका, त्यांना तुमचा चेहरा दिसायला हवा.